गाळलेला आवाज

एत्तोरे बेनातीने प्रोजेक्टरसमोर आपला पंजा धरला आणि पडद्यावरचं गाव नाहीसं झालं. खाणीकडे जाणारा पांढरा रस्ता, डोक्यावरून शाली घेतलेल्या बायका, कुणाच्या तरी मागे धावणारं कुत्रं, सगळं त्याच्या सुरकुतलेल्या तळहातावर येऊन थरथरू लागलं.

हॉलमध्ये बसलेल्यांना वाटलं, म्हातारा वॉशरूमला जाताना अडखळला असेल. कुणीतरी इटालियनमध्ये त्याला बाजूला व्हायला सांगितलं. त्याने हात काढला नाही. मागच्या भिंतीशी उभी असलेली ग्लेन्डा खुर्च्यांमधून वाट काढत त्याच्यापाशी गेली.

"बंद कर," तो तिला इंग्रजीत म्हणाला. "इथून पुढे नको."

ग्लेन्डाने सिनेमा थांबवला आणि दिवे लावले. पहिल्या रांगेत बसलेली त्याची मुलगी पाओला उठून उभी राहिली. ती शेजारच्या ओकव्हिल शहरातून मुद्दाम आली होती, येताना केक आणला होता, आणि सिनेमा संपल्यावर वडिलांबद्दल चार शब्द बोलायची तयारीही करून आली होती. तिने केकच्या खोक्याचं झाकण पुन्हा लावलं.

हॅमिल्टन शहराच्या पाठीशी जो लांबलचक कडा आहे त्याला तिथले लोक माउंटन म्हणतात. त्या कड्यावरच्या या वृद्धनिवासात ग्लेन्डा लोपीस कार्यक्रमांचं काम बघायची. व्यायाम, गाणी, वाढदिवस, शुक्रवारचा सिनेमा. इथल्या रहिवाशांत निम्म्याहून जास्त इटालियन होते, तरुणपणी बोटीने येऊन खालच्या पोलादाच्या कारखान्यांत राबलेले. हॉलच्या मोठ्या खिडकीतून त्या कारखान्यांची धुरांडी आणि पलीकडे सरोवर दिसे. म्हातारे तासन्‌तास तिकडे बघत बसत. ग्लेन्डा होता होईल तो त्या खिडकीकडे पाठ करून काम करायची. तिचा नवरा ऍलन त्यांतल्याच एका कारखान्यात क्रेन दुरुस्त करताना गेला होता. त्याला सहा वर्षं झाली होती.

एत्तोरे इथे आला तो २०१६च्या पानगळीत. तो मजूर नव्हता. सिनेमाच्या पटकथा लिहिणारा माणूस होता, आणि एके काळी इटलीत त्याचं नाव मोठं होतं, हे ग्लेन्डाला पाओलाने सांगितलं. बोलोन्यातल्या एका रेल्वे फोरमनचा तो मुलगा. युद्ध संपलं तेव्हा अठरा वर्षांचा होता. एका वर्तमानपत्रासाठी कोर्टातल्या बातम्या लिहिता लिहिता तो सिनेमाकडे वळला. त्याची एक पद्धत होती. ज्यांच्यावर लिहायचं त्यांच्या घरी जाऊन तो राहायचा. त्यांच्या ताटातलं खायचा, त्यांच्या जमिनीवर झोपायचा. भातशेतीवर मजुरीला जाणाऱ्या बायका, पुराने उठवलेली गावं, दक्षिणेतून उत्तरेच्या कारखान्यांत आलेली आणि कुणी खोली भाड्याने देत नसलेली कुटुंबं, वेड्यांच्या इस्पितळात विसरली गेलेली माणसं, हे त्याचे विषय. त्यातल्या 'सातवी पातळी' या सिनेमाने त्याला बाहेर नाव मिळवून दिलं. सिसिलीतल्या गंधकाच्या खाणीत झालेल्या एका दुर्घटनेवरचा तो सिनेमा. पुढे तो हट्टी म्हणून प्रसिद्ध झाला. त्याच्या लिहिण्यातला एक शब्द बदलायचा म्हटलं तरी तो काम सोडून निघून जायचा. निर्मात्यांनी हळूहळू त्याला बोलावणं बंद केलं. मग थोडं टीव्हीसाठी, थोडं शिकवणं, आणि बायको गेल्यावर मुलीपाशी, समुद्र ओलांडून.

वृद्धनिवासात त्याची एकच तक्रार असे. भिंतीतले पाइप वाजतात. जुनी इमारत, गरम पाण्यावर तापणारी. कडाका पडला की पाइप ठकठकत, हे सगळ्यांनाच ठाऊक होतं. दुरुस्तीवाल्याने येऊन दोनदा पाइपांतली हवा काढली, शेवटी त्याची खोलीही बदलून दिली. नव्या खोलीतही त्याचं तेच. नर्सेसनी ते वयावर घालून सोडून दिलं.

सिनेमा थांबवल्यावर ग्लेन्डाने त्याला खोलीत आणून खुर्चीत बसवलं. पाओला खाली केक वाटत होती. मग त्याने विचारलं, खाली तिसऱ्या रांगेत, नवऱ्याच्या व्हीलचेअरपाशी, हिरवा स्कार्फ बांधलेली जी बाई बसली होती ती कोण.

ती अस्सुंता. ती इथे राहत नव्हती. तिचा नवरा नीनो पक्षाघात झाल्यापासून इथे होता, आणि त्याला भरवायला ती रोज दुपारी बसने यायची. सत्तरीची, काटक, कमी बोलणारी. ग्लेन्डावर तिचा जीव होता. तुमच्याकडचं कॅथलिक घर कसं असतं, वसईत नाताळला काय करतात, असलं काहीबाही ती विचारत राही.

एत्तोरे म्हणाला, ती कोण हे त्याला माहीतच होतं, ग्लेन्डाला ठाऊक आहे का एवढंच बघायचं होतं. ख्रिसमसच्या जेवणाला तिने आपल्या गावाचं नाव सांगितलं तेव्हाच त्याला कळलं होतं, आणि तिच्या वडिलांचं नाव ऐकल्यावर शंका उरली नव्हती. दुर्घटनेनंतर तो त्या गावात जाऊन राहिला तो तिच्याच घरी. ती तेव्हा नऊ वर्षांची होती. सिनेमातली मुलगी म्हणजे तीच.

मग त्याने ग्लेन्डाला जे सांगितलं ते तिने शांतपणे, दाराच्या कडीवर हात ठेवून ऐकलं. खाणीच्या सातव्या पातळीवर छत कोसळलं आणि आत गंधक पेटलं. अस्सुंताचा बाप आणि त्याचे सोबती पलीकडे अडकले. सिनेमात दगड कोसळतो, दिवा विझतो आणि बाप त्याच क्षणी जातो. प्रत्यक्षात तसं झालं नव्हतं. बाहेर आलेल्या खाणकामगारांनी एत्तोरेला सांगितलं होतं की ढिगाऱ्यापलीकडून ठोके ऐकू येत होते. त्या दिवशी, आणि दुसऱ्या दिवशीही. आग पसरून सगळी खाण जाऊ नये म्हणून मालकांनी बोगद्याचं तोंड विटांनी बंद करून घेतलं. भिंत बांधली जात असतानाही ठोके चालूच होते.

"मी ते लिहिलं होतं," तो म्हणाला. "सेन्सॉर म्हणाला, हे ठेवलंत तर सिनेमा डब्यातच राहील. निर्माता माझ्या पाया पडायचा बाकी राहिला. मी ती पानं काढली. एकदाच. त्यानंतर आयुष्यात कधी एक ओळ कुणाला बदलू दिली नाही, पण त्याचा काय उपयोग."

भिंतीत पाइप वाजला. त्याने मान वळवली नाही, फक्त डोळे मिटले.

त्या बाईला इथे घेऊन ये, असं त्याचं ग्लेन्डाकडे मागणं होतं. मरण्यापूर्वी त्याला तिला खरं सांगायचं होतं. मुलीसमोर नाही, आणि सिनेमाच्या निमित्ताने टाळ्यांमध्ये तर नाहीच. पाओलाने सिनेमा लावायचं ठरवलं तेव्हा त्याने विरोध केला नाही, कारण वाटलं होतं निभेल. खाणीचा रस्ता आला आणि निभलं नाही.

ग्लेन्डाने नकार दिला. एरवी कुणाशी कधी बोलत नाही अशा स्वरात ती बोलली. त्या बाईला नवऱ्याचं एवढं दुखणं आहे, साठ वर्षांपूर्वीचं ओझं तुम्ही आता तिच्यावर कशासाठी टाकता? तुम्हाला हलकं वाटावं म्हणून?

तो म्हणाला, "तू कुणाबद्दल बोलते आहेस?"

तिने दार लावून घेतलं.

त्या संध्याकाळी ती घरी पोचली तेव्हा रोनाल्ड तिच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ फावड्याने काढत होता. रोनाल्ड तुस्कानो, ऍलनचा गाववाला, वसईकडच्या नंदाखालचा. दोघे एकाच कारखान्यात, एकाच पाळीला. ऍलन गेल्यापासून मोठा बर्फ पडला की तो न सांगता यायचा. पण घरात पाऊल टाकत नसे. चहा घे म्हटलं की घाई आहे म्हणायचा, आणि बोलताना नजर तिच्या बुटांवर असायची. ग्लेन्डाने त्याचा अर्थ कधी लावला नव्हता. भिडस्त माणूस आहे, असं ती सिसिलियाला, त्याच्या बायकोला, हसून म्हणायचीसुद्धा. ग्लेन्डाच्या मुलीशी, शेरिलशी, मात्र त्याचं जमत असे. शेरिल सोळाची झाली तशी रविवारी मॉलच्या रिकाम्या पार्किंगमध्ये तोच तिला गाडी शिकवायला नेई. आत्ताही शेरिलच त्याच्यासाठी चहाचा कप घेऊन बाहेर गेली. दोघं फावड्याला टेकून काहीतरी बोलत उभी होती. ग्लेन्डाची गाडी वळताना दिसली तशी ती बोलायची थांबली.

इस्पितळात ग्लेन्डाला कारखान्याच्या सुपरवायझरने सांगितलं होतं की ऍलनला काही कळलंसुद्धा नाही, एका क्षणात गेला. तिने ते वाक्य जसंच्या तसं उचललं होतं. दहा वर्षांच्या शेरिलला मराठीत सांगितलं, फोनवर सासूबाईंना सांगितलं, चर्चमध्ये हात हातात घेणाऱ्या प्रत्येकाला सांगितलं. सांगून सांगून ते तिचंच झालं होतं. त्या क्षणी रोनाल्ड तिथे होता. सहा वर्षांत तिने त्याला एकदाही काही विचारलं नव्हतं. आज स्वयंपाकघराच्या खिडकीतून त्याची वाकलेली पाठ बघताना तिच्या लक्षात आलं की विचारायचं राहून गेलेलं नाही. आपण ते मुद्दामच विचारलेलं नाही.

तिने खिडकीचं ब्लाइंड खाली ओढलं आणि भात लावला.

सोमवारी अस्सुंता नीनोला सूप भरवत होती. ग्लेन्डा शेजारच्या टेबलावरचे पत्ते आवरत होती. अस्सुंताने मान वर न करता विचारलं की शुक्रवारी सिनेमा मधेच का थांबला. ग्लेन्डाला मशीन बिघडलं म्हणता आलं असतं. ते तिच्या ओठांवर आलंही होतं.

"वरच्या मजल्यावर एक गृहस्थ आहेत," ती म्हणाली. "त्यांनी तो लिहिला होता. त्यांना बघवेना."

अस्सुंताचा चमचा थांबला. तिने नीनोची हनुवटी पुसली, वाडग्यावर बशी झाकली. मग खोली कुठली म्हणून विचारलं.

दाराशी पोचल्यावर ग्लेन्डाने परत फिरायचं म्हटलं तर अस्सुंताने तिचा दंड धरून तिला आत घेतलं. एत्तोरे खिडकीपाशी बसला होता. त्याने उठायचा प्रयत्न केला. ते दोघं आपल्या भाषेत बोलू लागले. ग्लेन्डाला त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं. तिला एवढंच दिसत होतं की तो बोलतो आहे, शब्द जुळवत, थांबत, बहुधा कैक वर्षं मनात घोळवलेलं काही, आणि अस्सुंता उभ्यानेच ऐकते आहे. तिचा चेहरा बदलला नाही. तो मध्येच अडला तेव्हा तिने हात वर करून त्याला थांबवलं.

ती त्याच्या टेबलापाशी गेली. त्यावरचं औषधांचं खोकं बाजूला सरकवलं, बोटं मुडपली आणि लाकडावर ठोके मारले. तीन, सावकाश. मग ती थांबली. इतकी थांबली की संपलं असं ग्लेन्डाला वाटलं. मग पुन्हा दोन. पुन्हा थांबली. मग एक.

एत्तोरेचं तोंड उघडंच राहिलं. हा आवाज त्याने कधी ऐकला नव्हता, हे ग्लेन्डाला तेव्हा कळलं. त्याला तो फक्त सांगण्यात आला होता. इतकी वर्षं त्याला भिंतीतून जे काही ऐकू येत होतं ते त्याचं स्वतःचं होतं. तो हळू आवाजात काहीतरी म्हणाला, विनवल्यासारखं. अस्सुंताने पुन्हा तसंच वाजवून दाखवलं. सुरुवातीपासून.

बाहेर कॉरिडॉरमध्ये आल्यावर अस्सुंता भिंतीला टेकली. ग्लेन्डाने पाणी आणलं. तिने ते नुसतं हातात धरलं.

"त्यांना वाटत होतं, मला ठाऊक नाही," ती इंग्रजीत म्हणाली. "आम्ही पोरं खाणीच्या तोंडाशी जमिनीला कान लावून बसायचो. मी ऐकलं होतं. आईनेही ऐकलं होतं."

नंतरचं तिने तुकड्या-तुकड्यांनी सांगितलं. दोन-तीन वर्षांनी आई तिला आणि धाकट्या भावाला घेऊन मामांकडे हॅमिल्टनला आली. खाली शहरात इटालियन सिनेमे लागत त्या थिएटरात 'सातवी पातळी' आला. आई त्यांना घेऊन गेली. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेली. जोवर सिनेमा होता तोवर शिवणकामाची सुट्टी झाली की ती थेट तिथे जायची. तो दगड कोसळतो ती जागा आली की अस्सुंताचा हात दाबून म्हणायची, बघ, त्यांना कळलंसुद्धा नाही.

"एकदा मी म्हणाले, आई, पण तो आवाज? तिने माझ्या तोंडावर हात ठेवला. मारलं नाही. नुसता ठेवला. पुढे ती नव्वद वर्षांची होईपर्यंत जगली, आणि आम्ही दोघी त्याबद्दल कधी बोललो नाही."

ग्लेन्डाने विचारलं, एत्तोरेंचा राग येतो का.

"तो सिनेमा बघून आईला झोप यायला लागली," अस्सुंता म्हणाली. "मी एकटीच जागी राहिले."

मग तिने पाणी पिऊन पेला ग्लेन्डाच्या हातात दिला आणि नीनोचं सूप गार झालं असेल म्हणून खाली गेली.

त्यानंतर एत्तोरेने बोलणं पुष्कळ कमी केलं. पाइपांची तक्रार चालूच होती. नर्सेस नोंद करत होत्या. अस्सुंता अधूनमधून नीनोची खुर्ची ढकलत त्याच्या खोलीत जाऊन बसायची. काय बोलायचे ते कुणाला कळलं नाही. बहुतेक काही बोलत नसावेत. पाओलाला तिने आपली ओळख सांगितली नाही, आणि त्यानेही सांगितली नाही. ग्लेन्डाने एकदा त्याला विचारलं की राहिलेला सिनेमा दाखवू का. तो म्हणाला, लोकांना हवा असेल तर दाखव. तो त्यांचा आहे. तिने तो लावला. एत्तोरे आला नाही. अस्सुंता आली, पण दगड कोसळतो त्या जागेला ती खिडकीतून बाहेर बघत होती.

मार्च संपता संपता, बर्फ काळा पडून वितळत असताना एत्तोरे गेला. पाओलाने खालच्या शहरातल्या चर्चमध्ये प्रार्थनेची मिस्सा ठेवली. इटलीतल्या एका वर्तमानपत्राने त्याच्यावर अर्धं पान लिहिलं होतं. त्यातला भाग तिने इंग्रजी करून वाचला. भातशेतीतल्या बायका, पूर, वेड्यांचं इस्पितळ, सगळे सिनेमे एकामागून एक आले. शेवटी ती म्हणाली, माझ्या वडिलांनी आयुष्यात सत्याशी एकदाही तडजोड केली नाही. तिथे तिचा आवाज फुटला. ग्लेन्डाच्या पुढच्या बाकावर अस्सुंता बसली होती. ती वळली नाही. नीनोचा मफलर सुटला होता तो तिने नीट गुंडाळला, आणि लोक उभे राहिले तेव्हा तीही उभी राहिली.

ग्लेन्डा घरी आली तेव्हा दुपार कलली होती. शेरिल स्वयंपाकघरातल्या टेबलावर गणित सोडवत होती, एका कानात इअरफोन, शेजारच्या खुर्चीवर शाळेची बॅग. ग्लेन्डाने कोट काढला नाही. ती फ्रिजला टेकून उभी राहिली. इतके आठवडे ती जे वाक्य मनात बांधत होती ते आयत्या वेळी तिला सापडेना.

"शेरिल," ती म्हणाली. "डॅडींच्या अपघाताबद्दल तुला कुणी काही बोललंय?"

पेन थांबलं. शेरिलने कानातला इअरफोन काढला, तो बोटाभोवती गुंडाळला, पुन्हा सोडला. तिने मान वर केली तेव्हा ती सोळाहून मोठी दिसत होती.

"रोनाल्ड अंकल टोल्ड मी," ती म्हणाली. "लास्ट समर. आय मेड हिम टेल मी." मग जरा थांबून, खालच्या आवाजात, "आय डिडन्ट नो इफ यू न्यू."

रस्त्यावरून चिखल उडवत एक बस गेली. ग्लेन्डाला सुपरवायझरचं वाक्य आठवलं, आणि ते बोलता येणार नाही हेही तिला कळलं.

"नाही," ती म्हणाली. "मला नाही माहीत. तू सांग."

शेरिलने शेजारच्या खुर्चीवरची बॅग उचलून जमिनीवर ठेवली.